हल्ली

जांबोटीच्या अलीकडं, बंद पडलेल्या चिरेखाणीत
मष्णू मला सरडे शिकवतो.
शाळा चौथीपर्यंतची, खाण अठरा वर्षांची.
चिरा निघाला की खालनं कोण पळतं
ते त्यानं तेव्हाच बघून ठेवलंय.

"धरू नको. आधी पळणं बघ.
दोन पायांवर उठून धावतो तो माळावरचा, गळ्यात पंखा असलेला.
पाय असून पोटानं जाते ती सापसुरळी.
आणि जो पळतच नाही,
नुसता दंड काढत बसतो,
तो तुला जोखूलाय."

मी मात्र भिंग घेऊन आलेली,
पट्टी, वही, वीतभर कापडी पिशवी.
बगलेवरचे खवले वर वळलेत की खाली?
कानावर काटे किती?
वर असतील तर हा आपला नेहमीचा, बांधावरचा.
खाली असतील तर रानातला, कणकुंबीकडचा,
विणीच्या दिवसांत डोकं तांबूस होतं त्याचं.
एवढ्या एका वळणावर जात ठरते.
"बरं हाय," मष्णू म्हणतो,
"आमची आडनावावरनं."

पहिल्या वर्षी निंगव्वाच्या टपरीत
तिनं छताकडं बोट केलं, म्हणाली, "हल्ली."
मी बशी धरून थांबले.
हल्ली काय? दूध पातळ येतं? बस चुकवतात?
ती पुन्हा, जरा जोरात, "हल्ली! हल्ली!"
आणि ट्यूबलाइटमागनं पाल
थेट माझ्या चहात.

तेव्हापासून माझ्या वहीत
पाल म्हणजे हल्ली.
हल्ली म्हणजे काय
ते मात्र आता नीट सांगता येत नाही.

सापसुरळीला ती हावराणी म्हणते, सापांची राणी.
मष्णू म्हणतो, राणी कसली,
तेल लावून सुटलेली गडबड नुसती.
दोघांचं भांडण एवढ्यावरच.
बाकी उधारी, गुडघे, जत्रेचा दिवस,
सगळं दोन भाषांत एकमतानं चालतं.

सरड्याची धाव कुंपणापर्यंत, असं ज्यानं म्हटलं
त्यानं कुंपणावर एक दुपार काढायला हवी होती.
तिथं त्याची धाव संपत नाही.
तिथं तो राहतो.
चोर्ल्याच्या वाटेवरच्या मैलाच्या दगडावर
एक नर पसरलेला, गळा लाल, एक डोळा माझ्यावर.
गावाच्या नावातलं अर्धं अक्षर त्यानं झाकलेलं.
कुठल्या लिपीतलं, ते मी नोंदवलं नाही.

परवा रात्री, खाणीच्या उभ्या फटीत, एक सापडली.
बाहुली गोल, मांजरासारखी उभी चीर नाही.
बोटं वाकडी, काड्यांची. तळव्याला गाद्या नाहीत.
लांबी चार सेंटिमीटर, शेपूट सोडून.
शेपूट तिनं सोडलंच होतं.
ते माझ्या हातावर वळवळत राहिलं,
मी घड्याळ लावलं: पावणेदोन मिनिटं.
तोवर ती दगडात गेलेली.

पुस्तकात ती नाही, असं मी म्हणणार नाही.
माझ्याकडच्या पुस्तकात नाही.
निंगव्वानं फोटो लांब धरला, जवळ धरला,
"हल्लीच. पण आमच्यातली न्हवं."
मष्णूनं बघितलंसुद्धा नाही.
"ती मुकी. बाकीच्या चुकचुकत्यात,
ही ऐकून घेते."

नावाच्या रकान्यात मी पेन्सिलीनं लिहिलं: मुकी.
खोडता यावं म्हणून पेन्सिलीनं.
खाली शेरा: शेपटी पुन्हा येईल,
आखूड, रंगाला न जुळणारी;
नियमाप्रमाणं ती मापात धरत नाहीत.

"धर की," मष्णू म्हणाला,
माझ्या खांद्यावरनं वहीत वाकून,
त्याला न वाचता येणाऱ्या बारीक अक्षरावर
चिऱ्याच्या धुळीचं बोट ठेवून.
"पहिली तिला आईकडनं मिळालेली.
ही तिनं सोता केलेली."